ग्रामपंचायतीनं खडी क्रशरला ना-हरकत दिली आहे. पुढे कोर्टाची वाट कशी असते?

अंजीरबाग

नमस्कार मंडळी. बरीच वर्षं इथे नुसती वाचत आले, धागा पहिल्यांदाच काढतेय.

आमचं गाव पुरंदर तालुक्यात. सासऱ्यांनी लावलेली पावणेदोन एकर अंजिराची बाग आहे. बागेपासून चारेकशे मीटरवर, ओढ्यापलीकडच्या माळावर, दिवाळी झाल्यावर कार्तिकी एकादशीच्या आठवड्यात खडी क्रशर सुरू झाला. ज्यांनी अंजिराचं पान हातात घेतलंय त्यांना ठाऊक असेल, ते खरखरीत असतं, धूळ धरून ठेवतं. पहाटे दव पडलं की त्या धुळीचा पातळ चिखल होतो आणि दहा वाजेपर्यंत वाळून पानावर पापुद्रा बसतो. नखानं खरवडला तर निघतो, खाली पान पिवळट दिसतं. फळाची गत त्याहून वाईट. डाळिंब पुसता येतं, सीताफळाची साल कुणी खात नाही. अंजीर सालीसकट खातात, आणि पिकलेलं अंजीर धुतलं तर मार्केट यार्डात पोचेपर्यंत बसतं. मागच्या आठवड्यात आडत्यानं पाटी उघडून विचारलं, "ताई, याला राख कसली लागलीय?" पट्टी आली ती नेहमीच्या निम्मी.

सासऱ्यांचं वय ७८. रात्री खोकल्यानं उठून बसतात.

गावात कुणालाही विचारा, एकच उत्तर: "पंचायतीनं परवाना दिलाय, कागद पूर्ण आहेत, कोर्टात जा." म्हणून खरंच विचारतेय. पंचायतीनं दिलेला परवाना धूळ आणि पाणी या कारणावर कोर्टात रद्द होतो का? कुठलं कोर्ट? आमच्यासारख्यांना झेपेल असा खर्च असतो का? कुणी केलं असेल तर कृपया लिहा.

शिल्पा_क

वाचतेय. माझ्या माहेरी, फलटणकडे, हाच त्रास डांबराच्या प्लांटचा. सगळे घरात बोलतात, सही करायला कुणी पुढे येत नाही.

काळाकोट

अंजीरबाग ताई, "पंचायतीनं परवाना दिलाय" या एका वाक्यात तीन-चार वेगवेगळे कागद दडलेले असतात. आधी ते सुटे करा, नाहीतर पहिल्याच तारखेला समोरचा वकील म्हणेल, चुकीच्या दारात आलात.

पंचायत देते तो बहुतेक वेळा ठराव आणि त्यावरून ना-हरकत दाखला. त्यावर मशीन चालू करता येत नाही. क्रशर चालवायला प्रदूषण नियंत्रण मंडळाची संमती लागते, १९७४ च्या पाणी कायद्याखाली आणि १९८१ च्या हवा कायद्याखाली. ती दोन टप्प्यांत मिळते, आधी उभारणीची, मग चालवण्याची. मंडळ प्रदूषणावरून धंद्यांचे रंगांनी गट पाडतं, त्यात क्रशर नारिंगी गटात मोडतो, म्हणजे नुसतं कळवून भागत नाही, संमती घ्यावीच लागते. शिवाय दगड येतो कुठून? शेजारच्या खाणीतून येत असेल तर तिचा गौण खनिजाचा परवाना वेगळा आणि पर्यावरण मंजुरी वेगळी. पाच हेक्टरांहून लहान खाणींनाही मंजुरी लागेल असं सर्वोच्च न्यायालयानं २७ फेब्रुवारी २०१२ रोजी दीपक कुमार खटल्यात सांगितलं.

हे का सांगतोय? कारण प्रत्येक कागदाचं दार वेगळं आहे. राष्ट्रीय हरित न्यायाधिकरणाचं पश्चिम विभागाचं पीठ पुण्यातच आहे, तुम्हाला जवळ. पण त्याच्या यादीत सातच कायदे आहेत: पाणी, पाणी उपकर, वन संवर्धन, हवा, पर्यावरण संरक्षण, सार्वजनिक दायित्व विमा आणि जैवविविधता. ग्रामपंचायत कायदा त्यात नाही. म्हणून नुसत्या पंचायतीच्या ठरावावर हल्ला करायचा असेल तर उच्च न्यायालयात रिट याचिका. धूळ, पाणी आणि मंडळाच्या अटींचा भंग हा मुद्दा असेल तर न्यायाधिकरण.

आणि घड्याळ बघा. न्यायाधिकरणाच्या कायद्यातल्या कलम १४ खाली वाद पहिल्यांदा उद्भवला त्या दिवसापासून सहा महिने. योग्य कारण दाखवलं तर आणखी साठ दिवस, त्यापुढे पीठालाही हात बांधलेले. पर्यावरण मंजुरीविरुद्ध अपील करायचं तर मुदत तीस दिवस आणि वर फार तर साठ. कार्तिकी एकादशीपासून मोजा. तुमच्याकडे फार दिवस उरलेले नाहीत.

खर्चाचं म्हणाल तर, भरपाई मागत नसाल तेव्हा अर्जाची फी १,००० रुपये. भरपाई मागितली तर रकमेच्या एक टक्का. वकिलाचं निराळं.

अंजीरबाग

काळाकोट, इतकं सविस्तर लिहिलंत, खूप आभार. सहा महिन्यांचं मला कुणीच बोललं नव्हतं. गावात सगळे म्हणतात, "बघू पाऊस झाल्यावर." पाऊस झाल्यावर तर मुदतच गेलेली असेल.

खडीवाला

मी स्वतः क्रशर चालवतो. दुसऱ्या जिल्ह्यात, तुमच्याशी संबंध नाही. एक बाजूही ऐकून घ्या.

तुमच्या घराचा स्लॅब, गावचा रस्ता, शाळेची इमारत, सगळ्यात खडी आहे. माझ्याकडे ३४ माणसं कामाला आहेत, त्यांतली निम्मी त्याच गावची. कर्ज काढून मशीन उभं करायचं, सगळे कागद गोळा करायचे आणि मग कुणीतरी कोर्टात जाऊन स्टे आणायचा. हप्ता थांबत नाही. परवाना देताना हरकती घ्या ना! तेव्हा सभेला दहा माणसं येत नाहीत.

रानवारा

खडीदादा, तुमचा मुद्दा पटतो, पण हरकत घ्यायला आधी कळायला तर हवं. ताईंच्या गावात सभा झाली तेव्हा "क्रशर" हा शब्द नोटिशीत होता का?

निवृत्त ग्रामसेवक

रानवारा यांनी नेमक्या ठिकाणी बोट ठेवलं. मी ३१ वर्षं ग्रामसेवक होतो, चार तालुके फिरलो. काय होतं ते सांगतो, कुणाला लागलं तर क्षमा असावी.

मासिक सभेच्या नोटिशीत विषय असतात: मागील सभेचे इतिवृत्त वाचून कायम करणे, जमाखर्च मंजुरी, पाणीपट्टी वसुली. आणि सगळ्यात खाली एक कायमची ओळ: "मा. अध्यक्षांच्या परवानगीने ऐनवेळी येणारे विषय." बऱ्याचशा ना-हरकती या ओळीतून आत येतात. चहा आलेला असतो, दोन सदस्य निघून गेलेले असतात, सूचक-अनुमोदक लिहिले जातात, सर्वानुमते मंजूर. मी स्वतःच्या हातानं असे ठराव लिहिलेत. तेव्हा त्यात काही चुकतंय असं वाटत नसे. निवृत्त झाल्यावर मुलीच्या गावी अशाच एका ठरावानं आलेली वीटभट्टी बघितली, नातवाला घेऊन अंगणात बसता येत नव्हतं. तेव्हापासून कुणी विचारलं तर सांगतो.

ताई, माहितीच्या अधिकारात अर्ज टाका, दहा रुपयांचं कोर्ट फी स्टॅम्प लावून. मागायचं काय ते नीट लिहा: त्या सभेची नोटीस, नोटीस बजावल्याची पोच, प्रोसिडिंग बुकातलं त्या दिवसाचं पान, हजेरीच्या सह्या, आणि क्रशर मालकाचा मूळ अर्ज. पानाला दोन रुपये. "सर्व कागदपत्रे द्यावीत" असं लिहू नका, मग उत्तर येतं की माहिती मोघम आहे. तसाच दुसरा अर्ज प्रदूषण मंडळाच्या कार्यालयात, संमतीपत्र अटींसह द्या म्हणून. पंचायतीत मिळेल ठराव, पण खरा दारूगोळा मंडळाच्या अटींमध्ये असतो.

शिल्पा_क

"ऐनवेळी येणारे विषय"! आमच्या सोसायटीच्या सभेतही पार्किंगचा घोळ इथूनच झाला होता.

गलाईवाला

मी मूळचा विट्याचा, पण २२ वर्षं कोइमतूरला आहे. आमचा धंदा सोनं-चांदी गाळायचा. दक्षिणेत गावोगावी आमच्या खानापूर-आटपाडीची माणसं हेच करतात. हा धागा मला दोन्ही बाजूंनी जवळचा.

आधी प्लाचिमाडाबद्दल लिहितो, कारण पंचायतीचा परवाना आणि पाणी या विषयावर त्याहून मोठा खटला मला माहीत नाही. आमच्यापासून फार लांब नाही ते, सीमेपलीकडे केरळात, पालक्काड जिल्ह्यात. पेरुमाट्टी ग्रामपंचायतीनं जानेवारी २००० मध्ये कोका-कोलाच्या कारखान्याला परवाना दिला. दोन वर्षांत आसपासच्या विहिरी खालावल्या, पाणी मचूळ झालं. बायका सांगायच्या, भात नीट शिजत नाही. २२ एप्रिल २००२ ला कारखान्याच्या दारात धरणं सुरू झालं, मयिलम्मा नावाची आदिवासी बाई पुढे होती. शेतकऱ्यांना खत म्हणून दिलेल्या गाळात शिसं आणि कॅडमियम आहे, हे २००३ मध्ये बाहेर आलं.

ज्या पंचायतीनं परवाना दिला होता तिनंच ७ एप्रिल २००३ रोजी ठराव केला की नूतनीकरण करायचं नाही. कंपनी कोर्टात गेली. १६ डिसेंबर २००३ ला केरळ उच्च न्यायालयाच्या एकल पीठानं म्हटलं की भूजल ही सगळ्यांची ठेव आहे, जमीन माझी म्हणून हवं तितकं उपसता येणार नाही. पण त्याच निकालात हेही म्हटलं की परवानाच रद्द करण्याचा पंचायतीचा मार्ग बरोबर नव्हता. पुढे ७ एप्रिल २००५ ला खंडपीठानं फिरवलं, दिवसाला पाच लाख लिटर उपसू द्या म्हणून. मग सर्वोच्च न्यायालय. आणि २०१७ मध्ये कंपनीनं सांगितलं की आम्हाला तो कारखाना पुन्हा सुरू करायचाच नाही. मार्च २००४ पासून तो बंदच होता.

कागदावर पंचायत जिंकली असं कुणी म्हणणार नाही. तरी कारखाना परत चालू झाला नाही. कारण पंचायतीनं आपला ठराव सोडला नाही, आणि बायका मांडवातून उठल्या नाहीत. नुकसान २१६ कोटींच्या वर आहे असं सरकारनं नेमलेल्या समितीनं २०१० मध्ये सांगितलं. भरपाईचं विधेयक केरळ विधानसभेनं २०११ मध्ये मंजूर केलं, त्याला राष्ट्रपतींची संमती मिळाली नाही.

आता माझ्या धंद्याचं. गलाईत तेजाब वापरतो, पिवळा धूर निघतो, घशाला लागतो. पंधरा वर्षांपूर्वी माझ्या दुकानावर वरच्या मजल्यावरच्या कुटुंबानं तक्रार केली. मला राग आला होता, परवाना आहे ना माझ्याकडे, म्हणालो. मग त्यांच्या मुलीला दम्याचा पंप ओढताना जिन्यात बघितलं. धूर पाण्यातून धुऊन बाहेर सोडायची व्यवस्था केली, उंच चिमणी बसवली. त्या वर्षीची सगळी कमाई त्यात गेली. धंदा आजही चालू आहे. तक्रार झाली नसती तर मी ते कधीच केलं नसतं, आणि माझे कारागीर तोच धूर घेत बसले असते.

काळाकोट

गलाईवाला, फार मोलाचं लिहिलंत. प्लाचिमाडातून एक कायद्याची गोष्ट उचलण्यासारखी आहे. त्या पंचायतीच्या ठरावाची बाजू पाण्याच्या बाबतीत भक्कम होती, परवाना सरसकट रद्द करण्याच्या बाबतीत लंगडी होती. अर्ज करताना मागणी काय लिहिता त्यावर पुष्कळ अवलंबून असतं.

लादीपाव

इथे मुंबईच्या बेकऱ्यांचं कुणी लिहिलं नाही म्हणून मी लिहिते. मी वांद्र्याला राहते, खालच्याच गल्लीत लाकडाच्या भट्टीची बेकरी आहे.

उच्च न्यायालयानं २०२३ मध्ये मुंबईच्या हवेवर स्वतःहून याचिका दाखल करून घेतली. ९ जानेवारी २०२५ च्या आदेशात सांगितलं की लाकूड-कोळशावरच्या बेकऱ्यांनी सहा महिन्यांत स्वच्छ इंधनावर यावं. आधी पालिकेनं वर्षभराची मुदत ठरवली होती, ती कोर्टानं कमी केली. आणि तुमच्या धाग्याशी जुळणारी गोष्ट: नव्या बेकरीला परवाना द्यायचा तर स्वच्छ इंधनाची अट घालूनच. म्हणजे परवाना पालिकेचा, अट कोर्टाची.

माझ्या मुलाला दमा आहे. पहाटे तीनला भट्टी पेटते तेव्हा आम्ही खिडक्या लावून घेतो. भंगारातली दारं, खिडक्यांच्या चौकटी जाळतात, रंग जळाल्याचा वास उशीला येतो. पण बेकरीवाले चाचा आम्हाला तीस वर्षांपासून ओळखतात, बाबा आजारी होते तेव्हा रोज सकाळी पाव वर पाठवायचे. आदेश आला त्या दिवशी मी त्यांच्याकडे गेले. म्हणाले, "बेटा, गॅसची लाइन गल्लीत आलीच नाही. सिलिंडरवर पाव परवडत नाही. विजेचा ओव्हन घ्यायला दुकान गहाण टाकावं लागेल." दोघांचंही खरं आहे. मला वाटतं, कोर्टानं जशी मुदत दिली तशी गॅसची लाइन टाकायलाही मुदत द्यायला हवी होती.

मिसळप्रेमी

एक प्रामाणिक प्रश्न. विजेच्या ओव्हनमधला पाव तसाच लागतो का? आमची मिसळ धोक्यात आहे का ते आत्ताच सांगा, मनाची तयारी करतो.

लादीपाव

मिसळप्रेमी, मी खाल्लाय. आतून तोच, वरचा पापुद्रा थोडा मऊ. तुमच्या तर्रीत बुडाल्यावर काही कळणार नाही.

रानवारा

बेकरीवरून आठवलं, सर्वोच्च न्यायालयाचा एक जुना निकाल बेकरीच्या भट्टीवरच आहे ना? काळाकोट?

काळाकोट

हो, गोबिंद सिंग विरुद्ध शांती सरूप, १९७९ च्या अहवालातला. एका बेकरीची भट्टी आणि धुराडं, शेजाऱ्यांना धूर. दंडाधिकाऱ्यानं ती पाडायला सांगितली आणि सर्वोच्च न्यायालयानं भट्टी-धुराडं हटवण्याचा भाग कायम ठेवला. कलम होतं जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेचं १३३, सार्वजनिक उपद्रव. पाठोपाठ १९८० मध्ये रतलाम नगरपालिकेचा निकाल आला, उघड्या गटारांचा. तिथेही १३३. पैसे नाहीत ही सबब पालिकेला चालणार नाही, असं न्या. कृष्ण अय्यर यांनी लिहिलं.

१ जुलै २०२४ पासून नवी नागरिक सुरक्षा संहिता लागू झाली, तिच्यात हेच कलम १५२ म्हणून आहे. ताई, ही तिसरी वाट. प्रांताकडे किंवा कार्यकारी दंडाधिकाऱ्याकडे साधा अर्ज. वकील नसला तरी देता येतो. गावाच्या सह्या असतील तर वजन येतं. पण प्रांतांकडे कामाचा डोंगर असतो, तिथे अर्ज देऊन न्यायाधिकरणाची मुदत मात्र घालवू नका.

म्हापशेंकार

गोव्याचं थोडं. आमच्याकडे किनाऱ्यावरच्या गावांत पंचायतच धंद्याचा परवाना देते आणि ठरावीक काळानं नवा करते. कागदावर रेस्टॉरंट, रात्री तिथे संगीताचा दणका. ध्वनी नियम २००० चे आहेत, रात्री दहा ते सकाळी सहा उघड्यावर वाजवता येत नाही, रहिवासी भागात रात्रीची मर्यादा ४५ डेसिबल. आमच्या वाड्यावर रात्री दीड वाजता ताटं खणखणायची. माझ्या आयेनं भिंतीवरचा क्रूस काढून पलंगावर ठेवला, पडून फुटेल म्हणून.

आम्ही काय केलं ते सांगतो. सहा घरांनी मिळून वही केली. तारीख, वेळ, कोण जागं होतं, पोलिसांना किती वाजता फोन केला, कोण आलं. चार महिने. पंचायतीत परवाना नवा करायचा विषय आला त्या दिवशी ती वही घेऊन गेलो. वकील म्हणाला होता, कोर्टापुढे तुमचा राग उभा राहत नाही, वही उभी राहते. परवाना नवा झाला, पण "आत, बंद दारं, दहापर्यंत" ही अट लिहून झाला. आम्हाला कोर्टाची पायरी चढायला लागली नाही.

आणि खडीवाला बाब म्हणतात त्यालाही आधार आहे. ७ फेब्रुवारी २०१८ ला सर्वोच्च न्यायालयानं गोव्यातल्या लोहखनिजाच्या ८८ लीजचं नूतनीकरण रद्द केलं, मार्चपासून खाणी थांबल्या. नद्यांतला लाल गाळ कमी झाला हे मी डोळ्यांनी बघितलं. पण डिचोलीचा माझा मावसभाऊ ट्रक चालवायचा. ट्रक दोन वर्षं नारळाखाली उभा, टायरांतून गवत. सरकारनं नूतनीकरण करताना कायदा पाळला असता तर त्याचं घर बसलं नसतं. म्हणून मी म्हणतो, परवाना चुकीचा दिला की दोघांचंही नुकसान, खालच्या गावाचं आणि ट्रकवाल्याचं.

खडीवाला

म्हापशेंकार, शेवटचं वाक्य माझ्या मनातलं. चुकीचा कागद असेल तर माझंही मरण.

मी काल जरा तावातावानं लिहिलं. ताई, एक आतली गोष्ट सांगतो. संमतीपत्रात पाण्याच्या फवाऱ्यांची अट बहुधा असतेच. दगड फोडणाऱ्या जॉ क्रशरच्या तोंडावर, बेल्टच्या टोकाला, चाळणीजवळ. पण पाणी मारलं की बारीक डस्ट ओली होऊन चाळणीच्या जाळीला चिकटते, जाळी भरते, माल कमी निघतो. म्हणून कित्येक जण तपासणीच्या दिवशीच फवारे चालू करतात. खर्च पाण्याचा नसतो, बंद पडणाऱ्या चाळणीचा असतो. चाळणीला पत्र्याचं बंदिस्त शेड घातलं, बेल्ट झाकला, वाऱ्याच्या बाजूला भिंत उभी केली आणि आतला रस्ता पक्का केला तर निम्म्याहून जास्त धूळ तिथेच बसते. मी केलंय. मशीनपासून तीन ते दहा मीटरवर घनमीटरला ६०० मायक्रोग्रॅमपर्यंत धूळ चालते असा नियम आहे. नीट बंदिस्त केलं तर त्याच्या आत राहता येतं.

रानवारा

खडीदादा, याला म्हणतात मोठं मन. पण एक सांगा, मशीनपाशी ६०० चालतं आणि मोकळ्या हवेत बारीक धुळीची चोवीस तासांची मर्यादा १०० आहे. बाग चारशे मीटरवर आहे. अंजिराच्या पानाची मर्यादा कोण ठरवणार?

खडीवाला

त्याचं उत्तर माझ्याकडे नाही.

निवृत्त ग्रामसेवक

रानवारा, म्हणूनच १९९६ चा वेल्लोरच्या चर्मोद्योगाचा निकाल मला महत्त्वाचा वाटतो. सर्वोच्च न्यायालयानं तिथे म्हटलं की नुकसान होणार नाही हे दाखवायचं ओझं धंदेवाल्यावर. शेतकऱ्यानं प्रयोगशाळा काढायची नाही. अर्थात ते कोर्टात पोचल्यावर. तोवर पान शेतकऱ्यालाच दाखवावं लागतं.

शिल्पा_क

विषयांतर होतंय, पण पुरंदरच्या अंजिराला २०१६ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालंय. हे अर्जात लिहायला हवं ना? पीक त्याच मातीचं आहे, दुसरीकडे हलवता येत नाही.

काळाकोट

जरूर लिहा. चांगला मुद्दा.

आणखी एक, कारण व्यक्तिगत निरोपात दोघांनी विचारलं. खाणीला आधी मंजुरी नव्हती आणि नंतर घेतली तर? मे २०२५ मध्ये वनशक्ती खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं अशा मागाहूनच्या मंजुऱ्यांना मनाई केली होती. नोव्हेंबर २०२५ मध्ये तीन न्यायमूर्तींच्या पीठानं दोन विरुद्ध एक असा तो निकाल मागे घेतला. तेव्हा या एका मुद्द्यावर सगळी भिस्त ठेवू नका.

अंजीरबाग

मंडळी, महिन्यानं परत आले. एप्रिलचा मध्य आहे, म्हणजे माझ्या मोजणीनं पंधरा-वीस दिवस उरलेत.

दोन्ही अर्जांची उत्तरं आली. प्रोसिडिंग बुकाचं पान बघितलं आणि ग्रामसेवक काका, तुमची आठवण झाली. नोटिशीवर सहा विषय आहेत, त्यात क्रशर नाही. ठराव सातव्या क्रमांकावर, "ऐनवेळी येणारे विषय" याखाली. हजेरीत नऊ सह्या आणि ठरावाखाली पाच. एका सदस्य बाईंना विचारलं, त्या म्हणाल्या, "मी तेव्हा अंगणवाडीचा पोषण आहार बघायला उठले होते, मला कुणी वाचून दाखवलं नाही." त्यांनी हे लिहून द्यायची तयारी दाखवलीय. त्यांच्या घरून विरोध आहे, तरी.

मंडळाच्या संमतीपत्रात अटी आहेत, खडीदादांनी सांगितल्या तशाच जवळपास: फवारे, बंदिस्त चाळणी, वाऱ्याच्या बाजूला भिंत, कडेनं झाडं. माळावर यातलं फक्त एक आहे, पाण्याची टाकी. रिकामी.

घरात बराच वाद झाला. दीर म्हणाले, बंदच करायला लावू. सासरे काही बोलले नाहीत. रात्री मला म्हणाले, "तिथं आपल्या आळीतली चार पोरं कामाला आहेत. धूळ थांबू दे. पोरांची भाकरी थांबायला नको." म्हणून ठरवलं, न्यायाधिकरणात अर्ज करायचा तो अटी पूर्ण होईपर्यंत मशीन बंद ठेवा एवढ्याच मागणीचा. पंचायतीच्या ठरावासाठी वेगळं रिट करायचं की नाही ते वकीलताई बघून सांगणार आहेत. सह्या अकरा घरांच्या झाल्या. शिल्पा, तू म्हणालीस तसंच होतं, पहिली सही व्हायला तीन आठवडे लागले, उरलेल्या दहा एका संध्याकाळी झाल्या.

म्हापशेंकार, वही सुरू केलीय. रोज सकाळी बागेतल्या त्याच पाच झाडांचं एकेक पान तोडून कागदी पाकिटात घालते, फोटो काढते. सासरे पाकिटावर तारीख लिहितात. थरथरतं अक्षर आहे, पण एक दिवस चुकलेला नाही.

काळाकोट

पाकिटावर तारखेबरोबर झाड कुठल्या कोपऱ्यातलं तेही लिहा, आणि क्रशर त्या दिवशी चालू होता की बंद. बंद असलेल्या दिवसांची पानंही ठेवा, ती जास्त उपयोगी पडतील.

अंजीरबाग

बंद असलेले दिवस! हे सुचलंच नव्हतं. गुरुवारी गावची यात्रा आहे, मशीन बंद राहील. त्या दिवसाची पानं नक्की घेते.

खडीवाला

ताई, फवाऱ्यांचा फोटो काढाल तर दुपारी दोन ते चारमध्ये काढा, सकाळी नको. सकाळी दवानं जमीन ओलीच दिसते, समोरचा म्हणेल पाणी मारलंय.